खोल समुद्रातील खाणकामाबाबत भारताने आपली भूमिका जाहीर करावी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

विजेवर चालणाऱ्या गाड्यांच्या बॅटऱ्यांसाठी आणि एकूणच स्वच्छ ऊर्जेसाठी लागणारे निकेल, कोबाल्ट, तांबे आणि मँगनीज हे धातू महासागराच्या तळावरून उचलून आणण्याच्या योजनांना गेल्या काही वर्षांत जगभर वेग आला आहे. आपल्या वर्तमानपत्रांत या विषयाच्या ज्या बातम्या येतात, त्या बहुतेक यंत्रांच्या आणि खोलीच्या विक्रमांच्या असतात. भारतीय शास्त्रज्ञांनी हे विक्रम फार कष्टाने मिळवले आहेत आणि त्यांचे कौतुक व्हायलाच हवे. तथापि त्या तळावर प्रत्यक्ष खाणी सुरू करायच्या की नाही, केल्या तर कोणत्या अटींवर, आणि तोवर काय करायचे, याविषयी सरकारचे मत काय आहे हे सामान्य नागरिकाला उमजेल असे सविस्तर निवेदन माझ्या वाचनात आलेले नाही. भूविज्ञान हा विषय मी महाविद्यालयात आयुष्यभर शिकवला आणि खाणकामाला माझा सरसकट विरोध नाही. या एका खाणकामाबाबत मात्र भारताने संशोधन चालू ठेवून व्यापारी उत्खननाला तूर्त विराम देण्याची भूमिका उघडपणे घ्यावी, असे माझे ठाम मत झाले आहे. विषय आपल्याकडे फारसा चर्चिला जात नसल्याने पत्र थोडे लांबले आहे.

या क्षेत्रात भारत नवखा नाही. २६ जानेवारी १९८१ रोजी गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या 'गवेषणी' या जहाजावरील शास्त्रज्ञांनी हिंदी महासागराच्या तळावरून पहिली बहुधातू गुठळी वर काढली. या गुठळ्यांना शास्त्रज्ञ पॉलिमेटॅलिक नोड्यूल म्हणतात. ऑगस्ट १९८७ मध्ये 'पायोनियर इन्व्हेस्टर' (आरंभीचा गुंतवणूकदार) म्हणून नोंदणी होणारा भारत हा जगातला पहिला देश ठरला आणि विषुववृत्ताच्या दक्षिणेला, मध्य हिंदी महासागराच्या खोऱ्यात, आपल्याला १,५०,००० चौरस किलोमीटर क्षेत्र शोधासाठी मिळाले. नियमानुसार त्यातले निम्मे परत करून ७५,००० चौरस किलोमीटर आपण राखले. २००२ मध्ये राष्ट्रांच्या हद्दीपलीकडील समुद्रतळाचे नियमन करणाऱ्या आंतरराष्ट्रीय समुद्रतळ प्राधिकरणाशी १५ वर्षांचा करार झाला आणि पुढे २०१७ व २०२२ मध्ये त्याला मुदतवाढ मिळाली. म्हणजे ज्या प्रश्नावर आज अनेक देश नव्याने बोलू लागले आहेत, त्यावर चार दशकांहून अधिक काळाचा अनुभव आपल्या संस्थांच्या गाठीशी आहे. म्हणूनच या विषयावरील आपले मौन मला अधिक खटकते.

या गुठळ्या म्हणजे काय, हे एकदा जवळून पाहिले की पुढचा सारा वाद समजायला सोपा जातो. दोना पावला येथील याच राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत विद्यार्थ्यांना घेऊन गेलो असता मधोमध कापलेली एक गुठळी मी हातात घेतली होती. आकार मध्यम बटाट्याएवढा, रंग काळपट तपकिरी, वरची बाजू बरीचशी गुळगुळीत आणि खालची, म्हणजे गाळात रुतलेली बाजू खरबरीत. कापलेल्या पृष्ठभागावर केंद्राभोवती एकाबाहेर एक अशी बारीक वलये दिसत होती. केंद्रस्थानी खडकाचा एखादा कण असतो, कधी जुन्या गुठळीचा तुकडा, तर कधी शार्क माशाचा दात असतो, आणि त्याभोवती समुद्राच्या पाण्यातले व गाळातले धातू कणाकणाने जमत जातात. ही वाढ दहा लाख वर्षांत काही मिलिमीटर इतकी संथ असते. माझ्या तळहातावर मावलेली ती वस्तू तयार व्हायला एक कोटी वर्षे किंवा त्याहून अधिक काळ लागला असणार. खडकांच्या वयाचे आकडे शिकवण्यात माझी हयात गेली, तरी ती गुठळी खाली ठेवताना माझा हात जपूनच हलला. मुलांनीही ती एकमेकांकडे फार सांभाळून दिली.

आता हिशेब पाहू. आपल्या ७५,००० चौरस किलोमीटर क्षेत्रात सुमारे ३८ कोटी टन गुठळ्या आहेत आणि त्यांत ४७ लाख टन निकेल, सुमारे ४३ लाख टन तांबे, साडेपाच लाख टन कोबाल्ट आणि नऊ कोटी टनांहून अधिक मँगनीज आहे, असा सरकारी अंदाज आहे. हे आकडे भाषणांतून वारंवार ऐकू येतात आणि ते मोठे वाटतात. पण त्यांना क्षेत्रफळाने भागले, तर दर चौरस मीटरला सरासरी पाच किलो गुठळ्या येतात. एक टन गुठळ्यांसाठी २०० चौरस मीटर तळ खरवडावा लागेल आणि त्यातून साधारण १२ किलो निकेल, ११ किलो तांबे, दीड किलोच्या आसपास कोबाल्ट आणि २४४ किलो मँगनीज हाती येईल, तेही प्रक्रियेत काहीच वाया गेले नाही असे धरले तर. बाकीच्या सुमारे पाऊण टन वस्तुमानातले बहुतेक सारे किनाऱ्यावरील प्रक्रिया कारखान्याच्या मागच्या बाजूला ढिगाच्या किंवा राड्याच्या रूपाने साचणार आहे. समुद्रातील खाणकामाचा टाकाऊ माल जमिनीवरच येणार, हा मुद्दा या चर्चेत फार कमी वेळा निघतो.

अशी खाण आर्थिकदृष्ट्या परवडण्यासाठी वर्षाला १५ ते ३० लाख टन गुठळ्या उचलाव्या लागतील, असे अभ्यासकांच्या हिशेबांत साधारणपणे धरले जाते. आपल्या क्षेत्रातील सरासरी घनता पाहता ३० लाख टनांसाठी दरवर्षी ६०० चौरस किलोमीटर तळ खरवडावा लागेल. मुंबई शहर आणि मुंबई उपनगर या दोन जिल्ह्यांचे एकत्रित क्षेत्रफळ जवळपास एवढेच आहे. एका खाणीसाठी, एका वर्षात, इतके. जमिनीवरची खाण एका जागी खोल जाते आणि तिची हद्द डोळ्यांना दिसते. समुद्रतळावरची खाण मात्र पसरत जाते, कारण गुठळ्या तळावर एकाच थरात विखुरलेल्या असतात.

उत्खननाची रीत साधारण अशी आहे. पट्ट्यांवर चालणारे एक अवजड यंत्र चार ते सहा हजार मीटर खोलीवर उतरवले जाते. ते तळावरून फिरत गुठळ्यांसोबत गाळाचा वरचा काही सेंटिमीटरचा थर ओढून घेते, गुठळ्या लांबलचक नळीतून जहाजापर्यंत वर ढकलल्या जातात आणि जहाजावर वेगळे झालेले गढूळ पाणी पुन्हा समुद्रात सोडले जाते. तळावरील प्राण्यांची वस्ती मुख्यतः या वरच्या थरातच असते. यंत्र फिरल्यावर उठणारा गाळ किती दूर पसरतो, याविषयी मतभेद आहेत. काही प्रयोगांत त्याचा बराचसा भाग तळालगतच राहिल्याचे आढळले आहे आणि ते नोंदवणे न्यायाचे होईल. मात्र ज्या प्रदेशात नैसर्गिकरीत्या हजार वर्षांत काही मिलिमीटर गाळ साचतो आणि जिथले प्राणी त्या संथपणाला सरावलेले आहेत, तिथे तळालगत राहणारा गाळही थोडका म्हणता येत नाही. जहाजावरून सोडलेले गढूळ पाणी कोणत्या खोलीवर सोडायचे, हाही प्रश्न अजून निकाली निघालेला नाही.

खरवडलेला तळ पुन्हा भरून येतो का, याचे उत्तर देणारे मोजकेच प्रयोग झाले आहेत आणि त्यांपैकी एक आपला आहे. जर्मन शास्त्रज्ञांनी १९८९ मध्ये पेरूजवळच्या खोल समुद्रात नांगरासारखे अवजार ओढून तळ उलथवला होता. २०१५ मध्ये, म्हणजे २६ वर्षांनी, ते परत गेले तेव्हा नांगराच्या रेषा जशाच्या तशा दिसत होत्या. प्रशांत महासागरात हवाई आणि मेक्सिको यांच्यामधल्या क्लॅरियन-क्लिपरटन पट्ट्यात १९७९ मध्ये एका खाणयंत्राची चाचणी झाली होती. त्या जागेची पाहणी ४४ वर्षांनी झाली आणि तिचे निष्कर्ष २०२५ मध्ये प्रसिद्ध झाले. काही लहान, हालचाल करणारे प्राणी परतले होते, ही त्यातली आशादायक बाजू. यंत्राच्या खुणा मात्र कायम होत्या आणि एका जागी चिकटून राहणारे मोठे प्राणी फारच थोडे परतले होते. त्याच पट्ट्यात 'द मेटल्स कंपनी' या कॅनडाच्या कंपनीने २०२२ मध्ये मोठी चाचणी घेऊन सुमारे ३,००० टन गुठळ्या जहाजावर आणल्या. तिच्या परिणामांचा अभ्यास २०२५ च्या डिसेंबरात प्रसिद्ध झाला. यंत्राच्या मार्गातील गाळात राहणाऱ्या लहान प्राण्यांची संख्या ३७ टक्क्यांनी आणि त्यांच्या प्रजातींची संख्या ३२ टक्क्यांनी घटल्याचे त्यात दिसले.

आपला प्रयोग १९९७ चा. राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या शास्त्रज्ञांनी मध्य हिंदी महासागरात पाच हजार मीटरहून अधिक खोलीवर, तीन किलोमीटर लांब आणि २०० मीटर रुंद अशा पट्ट्यात गाळ ढवळणारे यंत्र ओढले आणि पुढील काही वर्षे त्या जागेवर लक्ष ठेवले. त्याआधीची स्थिती, लगेचची स्थिती आणि नंतरची स्थिती अशी तिन्ही टप्प्यांची मोजमापे घेणारा हा प्रयोग त्या काळी जगात मोजक्यांपैकी होता आणि त्याचे शोधनिबंध आजही परदेशांत आधाराला घेतले जातात. पण त्या पट्ट्याचे क्षेत्रफळ जेमतेम ०.६ चौरस किलोमीटर होते. वर सांगितलेल्या एका वर्षाच्या खाणकामाचा तो हजारावा भाग झाला. एवढ्याशा जागेच्या अनुभवावरून सहाशे चौरस किलोमीटरचा अंदाज बांधायचा, तर तो बांधणाऱ्याने फार नम्र असायला हवे. हे निष्कर्ष मराठीत, हिंदीत किंवा निदान सोप्या इंग्रजीत लोकांपुढे यावेत आणि त्यांवर संसदेत चर्चा व्हावी, अशी माझी पहिली अपेक्षा आहे. जनतेच्या पैशाने केलेले इतके चांगले काम केवळ संशोधन-पत्रिकांच्या पानांत राहावे, याचे मला मनापासून वाईट वाटते.

तिथे राहते तरी कोण, असा प्रश्न विचारला जातो. वर उल्लेखलेल्या क्लॅरियन-क्लिपरटन पट्ट्यात ५,५७८ प्रजाती असल्याचा अंदाज २०२३ मध्ये प्रसिद्ध झाला आणि त्यांतल्या सुमारे ९२ टक्के विज्ञानाला नव्या होत्या. काही प्राण्यांचे तर गुठळ्यांशिवाय चालतच नाही. मऊ गाळाच्या त्या अफाट मैदानात घट्ट पकडता येईल अशी वस्तू गुठळीच असते. तिच्यावर देठाचे स्पंज उगवतात, स्पंज मेला की त्याच्या देठावर खोल समुद्रातला एक फिकट रंगाचा ऑक्टोपस अंडी घालतो आणि मादी ती अंडी कवटाळून बसते. पेरूजवळच्या त्याच प्रायोगिक क्षेत्रात शास्त्रज्ञांनी हे पाहिले आहे. गुठळी गेली की स्पंज गेला, आणि स्पंज गेला की अंडी घालायची जागा गेली. नवी गुठळी व्हायला किती काळ लागतो ते वर आलेच आहे.

हिंदी महासागराचे स्वतःचे उदाहरण त्याहून जवळचे आहे. समुद्रतळावरील पर्वतरांगांत जिथे पृथ्वीच्या पोटातून अतितप्त पाणी बाहेर पडते, तिथे तांबे, जस्त, सोने आणि चांदी असलेले गंधकयुक्त साठे तयार होतात. अशाच झऱ्यांजवळ एक गोगलगाय राहते, जिच्या पायावर लोह आणि गंधकाच्या संयुगाचे खवले असतात. असे लोखंडी चिलखत अंगावर वागवणारा दुसरा प्राणी ज्ञात नाही. ती २००१ मध्ये सापडली, हिंदी महासागरातील मोजक्या झऱ्यांपलीकडे ती कुठेही आढळलेली नाही, आणि २०१९ मध्ये आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाने तिला संकटग्रस्त प्राण्यांच्या यादीत घातले. संभाव्य खोल समुद्र खाणकामामुळे या यादीत आलेला हा पहिला प्राणी. तिची बहुतेक ज्ञात वस्तीस्थाने मध्य आणि नैर्ऋत्य हिंदी महासागरातील पर्वतरांगांवर आहेत, आणि गंधकयुक्त साठ्यांच्या शोधासाठी भारताने २०१६ मध्ये १०,००० चौरस किलोमीटरचा जो करार केला, तोही याच दोन रांगांतला आहे. त्याचे काम गोव्यातच, वास्कोच्या राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्राकडे आहे. २०२५ मध्ये कार्ल्सबर्ग रांगेसाठी असाच दुसरा करार झाला. शोध घेणे आणि खाण काढणे यांत फरक आहे, हे मला मान्य आहे. पण जिवंत झरे खाणकामातून कायमचे वगळले जातील, एवढे आश्वासन तरी भारताने आताच द्यायला काय हरकत आहे?

गुठळ्यांपासून अंधारातही प्राणवायू निर्माण होतो, असा दावा २०२४ मध्ये झाला आणि तो खूप गाजला. त्यावर इतर शास्त्रज्ञांनी गंभीर आक्षेप घेतले आहेत. माझा युक्तिवाद त्यावर उभा नाही.

आता मुख्य आक्षेपाकडे वळतो, कारण तो हलका नाही. हवामान बदल रोखायचा तर विजेच्या गाड्या हव्यात, त्यांना धातू हवेत, आणि जमिनीवरच्या खाणी काही निर्मळ नाहीत. जगातील निम्म्याहून अधिक निकेल इंडोनेशियातून येते आणि त्यासाठी तिथली जंगले तुटत आहेत. बहुतेक कोबाल्ट काँगोतून येते आणि तिथल्या हातखाणींत मुले राबल्याचे वारंवार उघड झाले आहे. मग निर्जन समुद्रतळ बरा नव्हे का? हा प्रश्न प्रामाणिक आहे, पण त्यात एक गृहीतक दडलेले आहे, ते म्हणजे समुद्रात खाण सुरू झाली की जमिनीवरची बंद होईल. तसे होण्याची यंत्रणा कुठेही नाही. पुरवठा वाढला की भाव पडतात, आणि भाव पडले की आधी बंद पडतात त्या बऱ्या नियमांनी चालणाऱ्या, महाग खाणी. इंडोनेशियाच्या स्वस्त निकेलपुढे ऑस्ट्रेलियातील बीएचपी कंपनीने २०२४ मध्ये आपले निकेलचे काम थांबवले, हे ताजे उदाहरण आहे. कोबाल्टचा तर इतका सुकाळ झाला की भाव सावरण्यासाठी काँगोने फेब्रुवारी २०२५ मध्ये निर्यातच रोखून धरली. ज्या धातूची टंचाई सांगून महासागराचा तळ उघडायचा, त्याच धातूचा उत्पादक देश जास्त माल झाला म्हणून दारे लावून बसला, याचा विचार व्हायला हवा.

बॅटऱ्यांचे रसायनशास्त्रही थांबलेले नाही. लोह आणि फॉस्फेट वापरणाऱ्या लिथियम बॅटरीत निकेल नसते आणि कोबाल्टही नसते. २०२४ मध्ये जगभर विकल्या गेलेल्या विजेच्या मोटारींच्या बॅटऱ्यांत तिचा वाटा जवळपास निम्म्यावर गेला. आपल्याकडची नेक्सॉन आणि पुण्यात धावणाऱ्या ओलेक्ट्राच्या बसगाड्या याच बॅटरीवर चालतात. सोडियमवर चालणाऱ्या बॅटरीचे काम पुण्याच्या केपीआयटी या कंपनीने आयसरच्या सोबतीने केले आणि डिसेंबर २०२३ मध्ये जाहीर केले. तांब्याची गरज मात्र राहणारच, कारण तारा, मोटारी आणि रोहित्रे त्याशिवाय होत नाहीत, आणि भारत तांब्यासाठी आयातीवर अवलंबून आहे. ही अडचण मी झाकत नाही. पण एक टन गुठळ्यांतून मिळणाऱ्या ११ किलो तांब्यासाठी २०० चौरस मीटर तळ कायमचा गमावण्याआधी आपल्या घराघरांत आणि भंगारवाल्यांकडे पडून असलेल्या तांब्याचा नीट हिशेब मांडला जावा. २०२२ च्या बॅटरी कचरा व्यवस्थापन नियमांनी उत्पादकांवर जुन्या बॅटऱ्यांतील धातू परत मिळवण्याची जबाबदारी टाकली आहे आणि पुनर्वापराच्या उद्योगासाठी केंद्राने २०२५ मध्ये १,५०० कोटी रुपयांची प्रोत्साहन योजना मंजूर केली आहे. ही दिशा बरोबर आहे. ती अधिक वेगाने गाठली पाहिजे.

या साऱ्याची कायदेशीर बाजू अशी. राष्ट्रांच्या हद्दीपलीकडचा समुद्रतळ हा मानवजातीचा सामाईक वारसा मानावा, अशी मांडणी माल्टाचे राजदूत अर्विद पार्दो यांनी १ नोव्हेंबर १९६७ रोजी संयुक्त राष्ट्रांत केली. १९८२ च्या समुद्र कायदा करारात ते तत्त्व आले आणि १९९४ मध्ये जमैकाची राजधानी किंग्स्टन येथे प्राधिकरण सुरू झाले. ज्यांच्याकडे जहाजे आणि पैसा आहे त्यांनीच तळ लुटू नये, यासाठी नवस्वतंत्र देश या तत्त्वामागे उभे राहिले होते आणि भारत त्यांत होता. उत्खननाचे नियम मात्र अजून पूर्ण झालेले नाहीत. नाउरू या चिमुकल्या देशाने २०२१ मध्ये नियम पूर्ण करायला दोन वर्षांची मुदत घालणारे कलम वापरले, ती मुदत २०२३ मध्ये संपली, तरी मतभेद कायम राहिले. एप्रिल २०२५ मध्ये अमेरिकेच्या अध्यक्षांनी आदेश काढून आंतरराष्ट्रीय तळावरील खाणकामाला आपल्याच १९८० च्या कायद्याखाली परवाने देण्याची वाट मोकळी केली आणि लगोलग 'द मेटल्स कंपनी'ने तिथे अर्ज केला. अमेरिकेने समुद्र कायदा करार स्वीकारलेलाच नाही. एका देशाने सामाईक मालमत्तेचे परवाने स्वतःच वाटायला सुरुवात केली, तर ज्यांनी चाळीस वर्षे नियम पाळून, निम्मे क्षेत्र परत देऊन, अहवाल सादर करत वाट पाहिली त्यांचे काय, हा प्रश्न भारताने इतरांहून मोठ्या आवाजात विचारायला हवा होता.

विराम मागणाऱ्या देशांची संख्या २०२५ पर्यंत चाळीसच्या आसपास गेली. त्यांत फ्रान्स, जर्मनी, ब्राझील आणि पलाऊसारखी प्रशांत महासागरातील बेटे आहेत. फ्रान्स आणि जर्मनीकडे आपल्यासारखेच शोधाचे करार आहेत. तेव्हा करार असणे आणि विराम मागणे यांत विसंगती नाही. नॉर्वेच्या संसदेने २०२४ च्या जानेवारीत आपल्या समुद्रात शोध खुला केला आणि वर्षअखेर परवान्यांची फेरी थांबवली गेली. पापुआ न्यू गिनीच्या अनुभवाची तर प्रत्येक अर्थमंत्र्याने नोंद घ्यावी. तिथल्या समुद्रातील सोलवारा-१ प्रकल्पात त्या गरीब देशाच्या सरकारने भागीदारी घेतली, २०१९ मध्ये नॉटिलस ही कंपनी बुडाली आणि सुमारे १२ कोटी डॉलरचा सार्वजनिक पैसा तिच्यासोबत गेला. खाण मात्र सुरू झालीच नाही.

आपल्याकडे २०२१ मध्ये पाच वर्षांसाठी ४,०७७ कोटी रुपयांचे खोल समुद्र अभियान मंजूर झाले. त्याच वर्षी चेन्नईच्या राष्ट्रीय महासागर तंत्रज्ञान संस्थेचे 'वराह' हे यंत्र ५,२७० मीटर खोलीवर चालवून पाहिले गेले आणि माणसांना ६,००० मीटरपर्यंत नेणाऱ्या 'मत्स्य ६०००' या पाणबुडीचे काम पुढे सरकत आहे. हे सगळे चालू राहावे, किंबहुना वाढावे, कारण तळाची माहिती मिळवण्याचा दुसरा मार्ग नाही. माझी काळजी वेगळी आहे. २०२३ मध्ये आपल्या सागरी हद्दीतील खनिजांच्या कायद्यात दुरुस्ती झाली आणि ५० वर्षांच्या उत्पादन पट्ट्यांची तरतूद आली. नोव्हेंबर २०२४ मध्ये पहिल्या १३ गटांचा लिलाव पुकारला गेला. त्यांत केरळच्या किनाऱ्याजवळील वाळूचे गट होते, ज्यांना तिथल्या मच्छीमारांनी कडाडून विरोध केला, आणि ग्रेट निकोबारजवळचे बहुधातू गुठळ्या व कवचांचे (खडकांवर जमलेल्या धातूंच्या थरांचे) सात गट होते. त्याआधी जानेवारी २०२४ मध्ये भारताने अफनासी निकितीन या समुद्रपर्वतावरील कोबाल्टयुक्त कवचांसाठी प्राधिकरणाकडे अर्ज केला, ज्या भागावर श्रीलंकाही दावा सांगते. हा निकितीन म्हणजे पंधराव्या शतकात आपल्या चौलच्या बंदरात उतरलेला रशियन व्यापारी. रेवदंड्याला त्याचे स्मारक आहे. करार आणि लिलाव अशा रीतीने एकामागून एक पुढे जात आहेत, आणि त्यांच्यामागचे धोरण मात्र लोकांपुढे आलेले नाही.

मध्य हिंदी महासागरातील खाणीचा परिणाम उद्या कोकणच्या मच्छीमाराच्या जाळ्यावर होईल, असे मी म्हणणार नाही. अंतर फार आहे आणि तसे म्हणायला पुरावा नाही. पण ज्या गोव्यात या संशोधनाच्या दोन मोठ्या संस्था आहेत, त्याच गोव्याने खाणकामाचा एक धडा फार महाग किमतीला घेतला आहे. डिचोली, सत्तरी आणि सांग्याच्या भागांत लोहखनिजाच्या ढिगाऱ्यांवरून पावसाळ्यात वाहून आलेला लाल गाळ भातशेतीत आणि नद्यांत साचत राहिला. न्यायमूर्ती शाह आयोगाचा अहवाल आला, २०१२ मध्ये खाणी थांबल्या आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ पट्ट्यांची नूतनीकरणे रद्द केली. तोवर नुकसान होऊन गेले होते, आणि खाणी थांबल्यावर ट्रक आणि बार्ज कर्ज काढून घेतलेल्या कुटुंबांचे हाल वेगळेच झाले. तिथे निदान शेतकरी बांधावर उभा राहून गाळ दाखवू शकत होता, पत्रकार जाऊ शकत होते, न्यायालय पाहणीसाठी माणसे पाठवू शकत होते. पाच हजार मीटर खोलीवर काय झाले, हे खाण चालवणाऱ्याच्याच कॅमेऱ्यातून कळणार आहे. म्हणून तिथे आधीची सावधगिरी हाच एकमेव उपाय उरतो. पुरस्कर्त्या देशांनी, म्हणजे करार घेणाऱ्या संस्थेची हमी घेणाऱ्या देशांनी, सावधगिरीचे तत्त्व पाळणे हे त्यांचे कर्तव्य आहे, असे आंतरराष्ट्रीय सागरी न्यायाधिकरणाच्या समुद्रतळ कक्षाने २०११ मध्येच आपल्या सल्लादर्शक मतात सांगितले आहे.

यास्तव केंद्र सरकारच्या पृथ्वी विज्ञान मंत्रालयाने एक निवेदन संसदेपुढे ठेवावे, अशी मागणी मी करतो. उत्खननाचे आंतरराष्ट्रीय नियम पूर्ण होईपर्यंत आणि आपल्या क्षेत्रातील जीवसृष्टीची मूळ स्थिती स्वतंत्र शास्त्रज्ञांनी तपासेपर्यंत भारत उत्खननाचा परवाना मागणार नाही, हे त्यात स्पष्ट लिहिलेले असावे. जिवंत उष्ण झऱ्यांना कायमचे संरक्षण देण्याचे वचन त्यात असावे. १९९७ च्या प्रयोगापासून 'वराह'च्या चाचण्यांपर्यंतची पर्यावरणविषयक माहिती लोकांना समजेल अशा रूपात, भारतीय भाषांतून खुली करावी, आणि राष्ट्रीय हद्दीपलीकडील सागरी जैवविविधतेच्या ज्या करारावर भारताने सप्टेंबर २०२४ मध्ये सही केली, त्याला अनुसरून ग्रेट निकोबारच्या गटांचाही फेरविचार व्हावा. तो करार आपल्या हद्दीतील समुद्राला लागू होत नाही, हे खरे. पण हद्दीबाहेर एक न्याय आणि हद्दीत दुसरा, असे भारताने करू नये.

महाराष्ट्र आणि गोव्यातून निवडून गेलेल्या खासदारांपैकी कोणी तरी संसदेच्या येत्या अधिवेशनात हा प्रश्न लेखी विचारावा आणि किंग्स्टनमधील प्राधिकरणाच्या परिषदेत भारतीय प्रतिनिधींनी गेल्या तीन वर्षांत कोणती मते मांडली, त्यांची प्रत सभागृहाच्या पटलावर ठेवण्याचा आग्रह धरावा, अशी आपल्या दैनिकामार्फत माझी विनंती आहे.

कळावे,
आपला विश्वासू,
भूविज्ञानाचा एक निवृत्त प्राध्यापक,
रत्नागिरी